पूर्व-पश्चिमेच्या गावातली रास्मिनाह

तिर्तोरेजोमध्ये कुणाच्या घरची बाई गेली की घरचे लोक आधी मशिदीत जात नसत. ते रास्मिनाहच्या दाराशी येत. ती भात निवडत असो, कोंबड्यांना दाणे टाकत असो, आलेल्या माणसाचा चेहरा बघूनच ओळखायची. "कोण?" एवढंच विचारायची, हात धुवायची, डोक्याला पांढरा रुमाल बांधायची आणि कापराची डबी घेऊन निघायची. गावातल्या बायकांच्या मय्यतीला शेवटची आंघोळ घालायची, कफन नेसवायचं, हे तिचं काम. हे काम तिनं सत्तेचाळीस वर्षं केलं, आणि कालव्याच्या दोन्ही काठांवर केलं.

दोन्ही काठांवर, हे मुद्दाम सांगायला हवं. कारण त्या गावात बाकी काहीच दोन्ही काठांना सामाईक उरलं नव्हतं.

भांडण दिशेचं होतं. जावा बेटावरून मक्का पश्चिमेला. तिथली माणसं बापजाद्यांपासून पश्चिमेकडे तोंड करून नमाज पढत आलेली. पुढं डचांच्या करारावर अंगठे उठवून ती बोटीत बसली, अर्ध्या जगाला वळसा घालून सुरिनामच्या ऊसमळ्यांवर उतरली, आणि इथंही सवयीनं पश्चिमेकडेच तोंड करून उभी राहिली. इथून मक्का पूर्वेला पडते, हे पहिली काही वर्षं कुणी सांगितलं नाही. सांगणारे भेटले तेव्हा काहींनी तोंड फिरवलं, काहींनी नाही. कोमेवाइन नदीच्या काठच्या गावागावांत तेव्हापासून पूर्ववाले आणि पश्चिमवाले असे दोन तट पडले.

रास्मिनाहचा बाप कार्तो हा पश्चिमवाल्यांच्या मशिदीत नमाज पढवणारा. दिवसभर ऊस तोडायचा, संध्याकाळी अंगावरची काजळी धुऊन मशिदीत उभा राहायचा. करार पाच वर्षांचा होता. पाच संपली, परत जायची बोट आली, आणि कार्तो गेला नाही, कारण तोवर त्याला मशिदीच्या छपराची काळजी लागली होती. रास्मिनाह मोठी, कासबान तिच्याहून पाच वर्षांनी धाकटा. आई सुतीयेम बोलायला कमी आणि हसायला पुढं.

रास्मिनाहचं लग्न सतराव्या वर्षी सादिमानशी झालं. सादिमान नदीवर माणसं आरपार नेणारी होडी चालवायचा. एकोणिसाव्या वर्षी तिला मुलगी झाली आणि अकराव्या दिवशी गेली. आंघोळ घालायला म्हातारी जिनेम आली. तिला सगळं गाव म्बाह म्हणायचं, म्हणजे आजी. म्बाह जिनेमनं कोपऱ्यात बसलेल्या रास्मिनाहकडं पाहिलं आणि म्हणाली, "ये इकडं. तांब्या धर."

"माझ्यानं नाही व्हायचं, म्बाह."

"नको होऊ दे. नुसता धर."

तिनं तांब्या धरला. म्हातारीनं पाण्यात बोट बुडवून पाहिलं आणि थोडं ऊन पाणी आणखी ओतायला लावलं. "मेलेल्याला गार-गरम कळत नाही म्हणतात," ती म्हणाली. "म्हणू देत. आपण कळतंय असं धरून चालायचं." मग ती त्या एवढ्याशा जिवाशी बोलत बोलत हात चालवू लागली. आता मान धरते हं, आता पाठ. रास्मिनाहच्या डोळ्यांतून पाणी गळत होतं, पण हातातला तांब्या हलला नाही. सगळं झाल्यावर म्हातारी म्हणाली, "तुझे हात चांगले आहेत. दुःख उतरलं की माझ्याकडं ये."

दुःख काही उतरलं नाही, पण दोन महिन्यांनी रास्मिनाह तिच्याकडं गेली. म्बाह जिनेमनं तिला तीन वर्षं शिकवलं. झाकलेलं अंग झाकलेलंच ठेवून कसं धुवायचं, कफनाच्या गाठी कुठं मारायच्या. सगळ्यांत कडक शिकवण एकच होती. अंगावर जे दिसेल, डाग, वण, मार, ते त्या खोलीतून बाहेर न्यायचं नाही. पुढं रास्मिनाहला दोन मुलगे झाले, आणि म्हातारी गेल्यावर तिला आंघोळही रास्मिनाहनंच घातली.

इकडं कासबान सुतारकाम शिकायला पारामारिबोला गेला होता. तिथं तो एका हिंदुस्थानी मुसलमान सुताराकडं राहिला. त्या घरात पुस्तकं होती, वाद होते, शुक्रवारी लांबलांबची माणसं प्रवचनाला यायची. चार वर्षांनी कासबान परतला तो सुताराची हत्यारं आणि एक होकायंत्र घेऊन. आल्या दिवशीच त्यानं ते बापाच्या चटईवर ठेवलं.

"बापाक, हे बघा. नकाशा पण आणलाय. आपण उलटीकडं तोंड करून उभे राहतो."

कार्तोनं होकायंत्र उचललं, इकडं फिरवलं, तिकडं फिरवलं. "हा काटा तर उत्तरेला चाललाय," तो म्हणाला. "मग काय उत्तरेकडं वळू?"

"तसं नव्हे, बापाक. त्यावरून पूर्व कळते."

"पूर्व मला रोज सकाळी कळते. तेवढ्यासाठी पेटी कशाला लागते?"

"पण नमाज चुकीच्या दिशेला जाते ना."

"पृथ्वी गोल आहे असं तूच मागच्या खेपेला सांगितलंस. मग जाईल माझी नमाज लांबच्या वाटेनं. मला कुठं घाई आहे?"

सुतीयेम चुलीपाशी तोंडाला पदर लावून हसली. कासबान हसला नाही. त्यानं होकायंत्र खिशात घातलं. वर्षाच्या आत त्यानं आणि आणखी बारा-पंधरा घरांनी कालव्याच्या पलीकडं पूर्वेकडं तोंड असलेली नवी मशीद उभी केली. तिची दारं त्यानं स्वतः घडवली. म्हातारे म्हणाले, कार्तोचं पोर बापाच्या अंगणातून उठून गेलं. कार्तो मात्र एकदा संध्याकाळी एकटाच कालव्यावर पूल म्हणून टाकलेल्या फळीपर्यंत गेला, लांबून ती दारं बघितली आणि घरी येऊन बायकोला म्हणाला, "जोड चांगले बसवलेत त्यानं."

तीन वर्षांनी कार्तो गेला. त्याची इच्छा सगळ्यांना ठाऊक होती, त्यामुळं वाद झाला नाही. त्याला पश्चिमेकडं तोंड करून ठेवलं, आणि कासबाननंही मूठ मूठ माती लोटली.

खरी अडचण आली ती आईच्या वेळी.

सुतीयेम राहायची मुलीकडं, पण आठवड्यातून दोन दिवस फळी ओलांडून मुलाकडं जायची. कासबानची बायको तुमिराह ही मोठी हसरी बाई होती. सासू-सुनांचं गूळपीठ होतं. सुतीयेम त्या घरात असली की त्यांच्यासारखी पूर्वेकडं नमाज पढायची, मुलीकडं आली की पश्चिमेकडं. कुणी टोकलं तर म्हणायची, "ज्याच्या घरी जेवते त्याच्या तोंडानं उभी राहते." पश्चिमवाल्यांना वाटायचं ती आपली, पूर्ववाल्यांना वाटायचं ती आपली.

एकोणीसशे बासष्ट साली पावसाळ्यात ती आजारी पडली. एका दुपारी रास्मिनाहनं तिला पेज भरवली, तोंड पुसलं आणि धीर करून विचारलं, "माक, एक विचारू? तुला कसं ठेवायचं?"

सुतीयेमनं मान छताकडं वळवली. मग म्हणाली, "मला नको विचारूस. एकाला हो म्हटलं की दुसऱ्याला नाही म्हटल्यासारखं होतं. मी दोघांची आई आहे."

"मग मी काय करू?"

"माझं शेवटचं तूच बघणार. तू ठरव." आणि थोड्या वेळानं, "मी ठरवायला सांगितलं असं कुणाला बोलू नकोस. नाहीतर तुझ्या मानेवर बसतील सगळे."

तिसऱ्या दिवशी ती गेली. रास्मिनाहनं आईला आंघोळ घातली. तुमिराह तांब्या धरायला होती. कफनाची शेवटची गाठ मारेपर्यंत रास्मिनाहनं काही ठरवलं नव्हतं.

पुरुष मय्यत घेऊन गेले आणि तासाभरानं सादिमान घाईघाईनं परत आला. "रास, चल," तो म्हणाला. "तिथं नुसती जुंपलीय."

बायका सहसा कबरस्तानात जात नसत. ती गेली. पावसानं जमीन भिजून चिंब झाली होती. खड्ड्याच्या एका बाजूला बापाच्या मशिदीची म्हातारी माणसं, दुसऱ्या बाजूला कासबान आणि त्याचे सोबती, आणि मधे फळीवर पांढऱ्या कापडात आई. खड्डा खणणारा क्लिवोन खाली उभा राहून पत्र्याच्या डब्यानं पाणी उपसत होता.

"खड्डा दोन्हीकडच्यांचा सारखाच असतो हो," तो खालूनच सांगत होता. "उत्तर-दक्षिण. उजव्या कुशीवर निजवायचं. डोकं उत्तरेला केलं की तोंड पश्चिमेला, दक्षिणेला केलं की पूर्वेला. एवढंच ठरवा. पण लवकर ठरवा, पाणी काही माझं ऐकत नाही."

"ती आमच्यात पढायची," कासबान म्हणत होता. "माझ्या घरी, माझ्या डोळ्यांदेखत."

"चाळीस वर्षं आमच्यात पढली, त्याचं काय?" एक म्हातारा म्हणाला.

रास्मिनाहनं आईकडं बघितलं. कापडाची कड ओली व्हायला लागली होती. कासबानचा आवाज चढला होता आणि तो म्हातारा काठी आपटत होता. अजून थोडा वेळ गेला असता तर तिथंच हातघाई झाली असती. बापाची कबर दोन हातांवर होती.

"कासबान," ती म्हणाली. सगळे थांबले. "माक मला बोलली होती. बापाकच्या शेजारी ठेवा, आणि बापाकसारखंच ठेवा."

कासबान तिच्याकडं बघत राहिला. "तुला असं म्हणाली?"

"हो."

"तिच्या तोंडचे शब्द?"

"हो."

आईला उत्तरेला डोकं करून निजवलं. कासबाननं माती लोटली, सगळी लोटली, खड्डा पुरा भरेपर्यंत थांबला, आणि बहिणीकडं न बघता निघून गेला.

सातव्या दिवसाचं जेवण रास्मिनाहनं केलं. भात, कोंबडी, आंबवलेल्या सोयाबीनचं तळलेलं टेंपे, शेवया. मेलेल्या माणसाच्या नावानं असं तिसऱ्या, सातव्या, चाळिसाव्या दिवशी जेवण घालायचं ही पूर्ववाल्यांच्या लेखी जावाची जुनी खोड होती, धर्म नव्हे. कासबान येणार नाही हे तिला माहीत होतं. तरी तिनं त्याच्या वाट्याची टोपली केळीच्या पानात बांधून धाडली. संध्याकाळी टोपली परत आली. उघडून बघते तो रिकामी, आणि तळाशी तुमिराहच्या परसातल्या चार मिरच्या. दुसऱ्या दिवशी बाजारात तुमिराह भेटली.

"त्यांनी परत पाठवा म्हटलं होतं," ती हळूच म्हणाली. "टोपली परत पाठवली की. आतलं परत पाठवा असं कुठं म्हणाले?"

"खाल्लंस सगळं?"

"मी आणि माझ्या पोरीनं, सार्मीनं. तुमचं टेंपे परत पाठवलं तर पाप लागेल, यू रास."

यू म्हणजे ताई. कालव्याच्या दोन्ही काठांच्या बायका तिला यू रासच म्हणायच्या.

पण कासबान बोलला नाही. एक वर्ष गेलं, दोन गेली, नऊ गेली. वाटेत समोरासमोर आला तर खांद्यावरची फळी दुसऱ्या खांद्यावर घ्यायचा, म्हणजे तोंड आपोआप झाकलं जायचं. आईच्या कबरीकडं तो फिरकला नाही. पूर्ववाल्यांच्या मशिदीचा कारभार हळूहळू त्याच्याकडं आला, तेव्हा त्यानं पारामारिबोहून एक शिकलेली बाई आणवली आणि आपल्याकडच्या बायकांना सांगितलं, आता मय्यतीचं हिच्याकडून शिका. बायकांनी सगळं ऐकून घेतलं. पुढच्या महिन्यात एक म्हातारी गेली, तर तिची सून सरळ फळी ओलांडून रास्मिनाहकडं आली.

"तुमच्याकडं आता शिकलेली बाई आहे ना?" रास्मिनाहनं विचारलं.

"आहे की. फार छान बोलते," सून म्हणाली. "तुम्ही चला."

अशा कामाला गेली की रास्मिनाह कासबानच्या घरावरूनच जायची. रंध्याचा आवाज यायचा. ती पुढं गेली की आवाज थांबायचा, एवढं तिला कळायचं.

सादिमान कधीकधी म्हणायचा, "जाऊन सांगून टाक त्याला खरं." नवऱ्याला तिनं सांगितलं होतं. ती म्हणायची, "सांगितलं तर आईचा शब्द मोडतो. नाही सांगितलं तर भाऊ तुटतो. भाऊ निदान डोळ्यांसमोर तरी आहे." पण खरं म्हणजे तिला भीतीही वाटायची. ती भर कबरस्तानात खोटं बोलली होती, आणि ते भावाच्या कानावर घालायचं धैर्य तिला होत नव्हतं.

एकाहत्तर साली तुमिराहला दम्यासारखं काही झालं. दवाखान्याच्या फेऱ्या झाल्या. एक दिवस सकाळी ऊन नुकतंच अंगणात आलेलं, आणि फाटकाशी कासबान उभा. केस पांढरे झालेले रास्मिनाहनं लांबूनच बघितले होते. जवळून पहिल्यांदा बघत होती.

"कोण?" तिनं सवयीनं विचारलं, आणि विचारताक्षणीच तिला कळलं.

"तुमिराह," तो म्हणाला. "मी दुसऱ्या कुणाला पाठवणार होतो. पण म्हटलं, स्वतः जावं."

तिनं रुमाल बांधला, डबी घेतली. पावसानं फळी वाहून गेली होती, म्हणून तो लहान होडी घेऊन आला होता. कालवा तो केवढा, सात-आठ वेळा वल्हं मारलं की संपतो. अर्ध्यावर आल्यावर रास्मिनाह म्हणाली, "कासबान, थांबव."

त्यानं वल्हं पाण्यातच धरलं.

"तुमिराहला हात लावायच्या आधी तुला एक सांगायचंय. माक तसं बोलली नव्हती. तिला मी विचारलं होतं. ती म्हणाली, मी दोघांची आई आहे, मला विचारू नकोस, तूच ठरव. ठरवलं मी. तिथं उभी राहून, ऐन वेळी."

होडी पाण्यावर हळूहळू फिरत होती. कासबाननं वल्हं मांडीवर घेतलं.

"म्हणजे मला नको असं ती म्हणाली नाही?"

"तुला नको असं ती कधी म्हणाली असती का?"

"मी नऊ वर्षं आईवर रागावून काढली, यू."

"माझ्यावर रागवायचं होतं."

"तुझ्यावर पण रागावलो होतो. पण तिच्यावर जास्त." त्यानं बाहीनं तोंड पुसलं. "आता काय करू? आता रागावू का तुझ्यावर?"

"रागाव," ती म्हणाली. "पण आधी मला पलीकडं ने. पाणी तापत ठेवलंय ना कुणी?"

"सार्मीनं ठेवलंय."

"कोमट सांग. फार ऊन नको."

त्यानं मान हलवली आणि वल्हं मारलं.

तुमिराहला आंघोळ घालताना रास्मिनाहला फार जड गेलं. आईच्या वेळी जिनं तांब्या धरला होता तीच आता समोर निजलेली होती, आणि तांब्या तिच्या मुलीच्या हातात होता. सार्मी पाणी ओतता ओतता मधेच थांबत होती. रास्मिनाहनं तिला घाई केली नाही. दुपारी नव्या मशिदीत जनाज्याची नमाज झाली तेव्हा रास्मिनाह मागं बायकांच्या रांगेत पूर्वेकडं तोंड करून उभी राहिली. आपल्या काठावरच्या काही म्हाताऱ्यांनी तिला दुसऱ्या दिवशी ते ऐकवलं. ती म्हणाली, "तुमिराहची नमाज होती. ती जिकडं पढायची तिकडं मी पढले. तुमची असेल तेव्हा तुमच्याकडं उभी राहीन."

रोज्यांच्या आधीच्या महिन्यात तिर्तोरेजोचे लोक आपापल्या माणसांच्या कबरी साफ करतात, फुलं टाकतात. त्या वर्षी रास्मिनाह टोपली घेऊन गेली तर आईच्या कबरीवरचं गवत कुणीतरी आधीच कापलेलं होतं, आणि कासबान बापाच्या कबरीवरचं कापत होता. तिला बघून उठला नाही. "इकडं मुंग्या आहेत, तिकडून ये," एवढंच म्हणाला. ती तिकडून आली. दोघांनी मिळून काम उरकलं. फुलं मात्र त्यानं टाकली नाहीत. ते त्याच्या पुस्तकात बसत नव्हतं. तिनं टाकली, त्यानं टाकू दिली.

त्यानंतर त्यानं एक काम अंगावर घेतलं. मय्यत धुवायला आजवर कुणाच्या तरी घरचं दार काढून ठोकळ्यांवर ठेवायचे. कासबाननं बासरालोकस लाकूड आणलं, जे धक्क्याच्या खांबांना वापरतात आणि पाण्यात वर्षानुवर्षं कुजत नाही. त्याचा बाक केला. पाणी एका बाजूला वाहून जावं म्हणून किंचित उतार, कडेला पन्हळ, आणि उंची बहिणीच्या कमरेच्या मापानं, कारण वाकून वाकून तिची पाठ गेली होती. माप घ्यायला आला तेव्हा म्हणाला, "सरळ उभी राहा. नेहमी उभी राहतेस तशी."

"कुठल्या मशिदीत ठेवणार बाक?" तिनं विचारलं.

"कुठल्याच नाही. तुझ्या ओसरीवर. ज्यांना लागेल ते नेतील."

पंच्याहत्तर साली देश स्वतंत्र झाला आणि निम्मं गाव हॉलंडला गेलं. रास्मिनाहचे दोन्ही मुलगे गेले. तिलाही चल म्हणून मागं लागले. ती म्हणाली, "तिथल्या थंडीत पाणी तापवता तापवता माझा दिवस जायचा." सादिमान चार वर्षांनी वारला. कासबान राहिला, सार्मी राहिली. सार्मीनं आणि पश्चिमेकडच्या पोनियाह नावाच्या मुलीनं मिळून तिचं काम शिकून घेतलं.

कासबान तिच्याकडं दर शुक्रवारी जेवायला यायचा, आपल्या मशिदीतली नमाज आटोपून. फक्त कुणाच्या नावाचं जेवण असलं की त्या दिवशी यायचा नाही. दुसऱ्या दिवशी यायचा, चटईवर बसायचा आणि पानाकडं बघून विचारायचा, "हे कालचं तर नाही ना?"

"नाही. नुसतं जेवण आहे."

"टेंपे पण?"

"टेंपे पण नुसतंच."

"मग वाढ," तो म्हणायचा, आणि ती वाढायची.